गुणाजी घाडीची लाईन

गुणाजी घाडीचा वरचा एक दात पामतेलात गेला. डाव्या भुवईवरचा व्रण रॉकेलचा. उजव्या हाताची करंगळी वाकडी होती, ती गॅसच्या सिलिंडरची कृपा. एखाद्याला वाटेल, बिचारा स्वयंपाकघरात फार धडपडत असावा. तसं नव्हतं. गुणाजीला साधा चहा करता येत नव्हता. या तिन्ही जखमा त्याने रांगेत उभं राहून मिळवल्या होत्या, आणि पेन्शनीतला सुभेदार मेडलं दाखवतो तशा तो त्या येणाऱ्याजाणाऱ्याला दाखवायचा.

पामतेलाच्या वेळी रेशन दुकानदाराचा मेहुणा मध्ये घुसला. गुणाजीने त्याला मागून ओढलं. मेहुण्याने हातातला डबा गुणाजीच्या तोंडावर हाणला. डबा रिकामा होता म्हणून एकच दात गेला. रक्ताने बनियन भिजलं, पण गुणाजी रांग सोडून गेला नाही. नंबर आल्यावर तेल घेतलं, पडलेला दात खिशात टाकला आणि घरी आला.

"रांग सोडली असती तर परत शेवटी उभं राहावं लागलं असतं," तो मला म्हणाला.

"अरे पण दात पडलेला ना!"

"दात पडला म्हणून काय नियम बदलतो?"

आम्ही नौपाड्यात एकाच चाळीत राहायचो. तो वागळे इस्टेटमधल्या पंपाच्या कारखान्यात फिटर, मी तिथेच दोन गल्ल्या सोडून एका औषध कंपनीत कारकून. बस ठाणे स्टेशनाहून सुटायची, म्हणून रोज सकाळी तिथल्या स्टॉपवर आमची भेट ठरलेली. गुणाजी काटकुळा, ताठ, आणि बारा महिने हातात छत्री. त्या छत्रीवर पावसाचा थेंब कधी पडला असेल असं मला वाटत नाही. ती रांगेसाठी होती. टोकाने तो रांग सरळ करायचा, आणि कुणी मध्ये घुसला की मुठीचा आकडा त्याच्या कॉलरमध्ये अडकवून त्याला मागे खेचायचा. खेचताना एकच शब्द उच्चारायचा, "मागे!" बस. शिवी नाही, भाषण नाही. त्याला कुणी नेमलं नव्हतं, कुणी पगार देत नव्हतं. पण त्याच्या आवाजात असं काही होतं की बँकेचे मॅनेजरसुद्धा निमूट मागे जायचे.

त्याचे नियम दोनच. एक, जो रांग सोडेल तो परत शेवटी. दोन, कुणी कुणासाठी नंबर धरायचा नाही. बापाने लेकासाठी नाही, नवऱ्याने बायकोसाठी नाही.

आणि देवाने या माणसाला बायको कोणती दिली, तर भागीरथी!

भागीरथीवहिनी म्हणजे रांगेतल्या फटी शोधायचं एक यंत्र. बुटकी, गोल, आणि चेहऱ्यावर कायम असा भाव की आपण नुसतं पुढे काय चाललंय ते बघायला आलोय. बघता बघता ती खिडकीशी पोचलेली असायची. टेंभी नाक्याच्या देवीला नवरात्रात अख्खं ठाणं रांगेत उभं असायचं, तेव्हा वहिनी देवीची ओटी भरून, प्रसाद खाऊन, मागे उभ्या असलेल्या नवऱ्याला उरलेला पेढा आणून द्यायची. गुणाजी तो पेढा खात नसे. "हा घुसलेला पेढा आहे," म्हणायचा.

घरात दोघं मालवणीत भांडायची. रांगेत मात्र गुणाजी बायकोशीसुद्धा पुस्तकी मराठीत बोलायचा.

त्या दिवशी मे महिन्याचं ऊन सकाळपासून चावत होतं. वहिनीचा गुडघा सुजलेला, म्हणून गुणाजी तिला इस्टेटमधल्या कामगारांच्या इस्पितळात दाखवायला नेत होता. तो घरून आधी निघाला आणि रांगेत पुढे उभा राहिला. वहिनी वाटेत पेरू घ्यायला थांबली. मी नेहमीप्रमाणे उशिरा पोचून शेवटी उभा होतो. माझ्या पुढे चेंदणी कोळीवाड्यातली शांताबाई, सुक्या बोंबलाची पाटी घेऊन. ती इस्टेटच्या कॅन्टीनना बोंबील पुरवायची.

वहिनी आली ती सरळ नवऱ्याच्या शेजारी.

"मागे," गुणाजी म्हणाला.

"कोण? मी?"

"शेवटी जाऊन उभ्या राहा."

"होय तर! घोव पुढे नि बायल मागे! लोक काय म्हणतले? गुडघो बघा माझो, टम्म फुगलो हा!"

"गुडघा सर्वांना असतो. मागे."

अख्खी रांग हसली. शांताबाईने तर पाटी खाली ठेवून कमरेवर हात घेतले. "अगं बाय माझे, असा नवरा नको गं! माझा दारू पितो, पण जागा तरी धरतो!"

वहिनी तणतणत माझ्यामागे येऊन उभी राहिली. म्हणजे त्या बसमध्ये सर्वांत शेवटी चढली ती भागीरथी घाडी. हे ध्यानात ठेवा.

नौपाड्यात बस एका स्टॉपवर जरा हळू झाली आणि मागच्या दारातून दोघे आत उडी मारून आले. पुढचा जाडसर, पांढऱ्या शर्टाचा पुढचा भाग लालभडक. मला आधी वाटलं रंग सांडलाय. मागचा पोरगेला, एका हातात चॉपर, दुसरा हात पोटावर दाबलेला आणि बोटांच्या फटींतून रक्त. मागच्याच गल्लीत एका माणसाला कापून दोघे पळाले होते, आणि पोलिसांची जीप शिट्ट्या मारत मागे होती. ही सगळी हकिगत नंतर कळली. त्या क्षणी बसमध्ये कुणालाच काही कळलं नाही, आणि कंडक्टर मारुतीला तर मुळीच नाही. त्याने सवयीने तिकिटाचा पंच वाजवला.

"पुढे सरका, पुढे सरका. तिकीट?"

जाड्याने कमरेतून पिस्तूल काढलं आणि त्याचा दस्ता मारुतीच्या नाकावर हाणला. सुकी फांदी मोडावी तसा आवाज झाला. मारुती सीटवर आदळला, तिकिटं उडाली, आणि मग एक बाई किंचाळली.

"गप! एक आवाज नाय पाहिजे!" जाडा ओरडला. "चंदू बोलतात मला. आज एक मर्डर झालाय, अजून दहा झाले तरी फाशी एकच आहे. ए ड्रायव्हर! गाडी भिवंडीला घे!"

ड्रायव्हर महिपत म्हणजे हातात स्टिअरिंग आलं की झोपेतही आपल्या रूटवर जाणारा माणूस. तीन हात नाक्याला सिग्नल लाल होता. महिपतने तो तोडला, एका रिक्षाचा आरसा उडवला, भाजीची हातगाडी उलटवली, आणि घाबरलेल्या हातांनी बस वळवली ती थेट वागळे इस्टेटकडे.

"भिवंडी बोललो ना तुला, भडव्या!"

"साहेब, ही वागळेची बस आहे," महिपत म्हणाला. जीव मुठीत धरून का होईना, पण म्हणाला.

चंदूने त्याच्या मांडीत गोळी घातली. त्या बंद डब्यात तो आवाज कानशिलात ठोसा बसावा तसा बसला. महिपतचा पाय ब्रेकवर पडला की त्याने दाबला, ते त्यालाही सांगता आलं नाही. दोन्हीकडे कारखान्यांच्या उंच भिंती आणि पुढे माल उतरवणारा ट्रक आडवा, अशा गल्लीत बस गचका खाऊन थांबली. मागून पोलिसांची जीप आली. पुढून दुसरी आली. गल्लीचं तोंड आणि शेपूट दोन्ही बंद.

मग सुरू झालं ते ओलीस धरणं. आता हा शब्द सगळ्यांना ठाऊक झालाय, तेव्हा आम्हाला वाटायचं असलं काही परदेशात विमानात होतं. वागळेच्या बसमध्ये कोण कशाला कुणाला धरेल?

बाहेरून इन्स्पेक्टर भोंग्यावरून बोलत होता. चंदू काच फोडून शिव्या घालत होता आणि मधूनच गोळी झाडत होता. पत्रा तापलेला, शांताबाईच्या बोंबलांचा वास, रक्ताचा वास आणि आमच्या घामाचा. एका ब्रीफकेसवाल्या गृहस्थाने खिडकीतून उडी मारायला म्हणून गजावर हात ठेवला. त्या पोरग्याने, त्याचं नाव कान्हा, बघितलंच नाही, नुसता चॉपर चालवला. गृहस्थाची दोन बोटं खिडकीबाहेर पडली आणि बाकीचा गृहस्थ आत. तो हाताकडे बघत राहिला, मग ब्रीफकेसवर बसला आणि रडायला लागला. शांताबाईने पदर फाडून त्याचा हात बांधला. "दाब, दाब. मासा चिरताना माझं पण गेलंय एक पेर," ती म्हणाली.

कान्हाचं पोट थांबायला तयार नव्हतं. तो एका सीटवर कलंडला आणि "भाई, डॉक्टर... भाई, डॉक्टर..." एवढंच म्हणू लागला. चंदू जरा नरमला तो तेव्हा. भोंग्याशी सौदा झाला. पोलिसांनी डॉक्टर आणि एक रिकामी जीप द्यायची, चंदूने अर्धी माणसं सोडायची.

"चला. अर्धे उतरा," चंदू म्हणाला.

आणि मग जे झालं ते चंदूच्या गोळ्यांपेक्षा भयंकर होतं. अख्खी बस पुढच्या दारावर कोसळली. शिकलेली, टाय लावलेली, पोथी वाचणारी माणसं एकमेकांच्या तोंडावर कोपरं हाणत होती. एक म्हातारा खाली पडला, त्याच्या छातीवरून लोक गेले. बांगड्या फुटल्या, कुणाचं कानातलं उपटलं गेलं, कानाची पाळी फाटली. कान्हा घाबरून चॉपर फिरवत सुटला. एकाच्या दंडातून तो आरपार गेला. चंदूने छतावर गोळी झाडली, कुणी थांबेना. मग त्याने पिस्तूल गर्दीवर रोखलं. तो आता मारणार, हे मला त्याच्या डोळ्यांत दिसलं.

"लाईन!"

गुणाजी सीटवर उभा होता. छत्री वर. आवाज तोच, रोज सकाळचा.

"लाईन! स्टॉपवर जो जिथे उभा होता तिथे! कोण कुणाच्या मागे होता, मला तोंडपाठ आहे. निळा शर्ट, तुम्ही पहिले. मागे व्हा हो चष्मेवाले, तुम्ही सहावे होता. मागे!"

आणि देवाशपथ सांगतो, गर्दी सैल झाली. चष्मेवाला मागे गेला. रडत रडत, रक्त पुसत, माणसं बसच्या मधल्या वाटेत एकामागे एक उभी राहिली. छातीवरून तुडवला गेलेला म्हातारासुद्धा उठून आपल्या नंबरावर गेला. चंदू तोंड उघडं टाकून बघत होता.

"तू कोण रे?"

"गुणाजी घाडी. बायकांना आधी सोडा आणि मग..."

"ए शाणा! बायका गेल्यावर पोलीस आम्हाला चाळण करतील. स्टॉपवर होते तसेच उतरतील." तो हसला. "तू संभाळ तुझी लाईन. पण ऐक. कोण मध्ये घुसला ना, तर त्याला नाय, तुला मारीन. कबूल?"

"कबूल," गुणाजी म्हणाला. आणि म्हणून झाल्यावर त्याने बसच्या शेवटाकडे बघितलं. तिथे मी होतो आणि माझ्यामागे भागीरथी.

तेव्हा त्याला उमगलं, असं मला वाटतं. सकाळी त्यानेच तिला तिथे पाठवलं होतं.

निळा शर्ट उतरला. दुसरा उतरला. एकेक जण दारात जाऊन हात वर करून पळत सुटायचा आणि रांग पाऊलभर सरकायची. मग गुणाजीचा नंबर आला. दार समोर होतं, पलीकडे ऊन आणि पोलीस. गुणाजी हलला नाही. 

"उतर ना, मास्तर," चंदू म्हणाला.

गुणाजी वळला. आयुष्यात पहिल्यांदा तो रांगेत मालवणी बोलला.

"भागी. ये गो. पुढे ये."

 चंदूने पिस्तूल सावकाश उचलून गुणाजीच्या कानशिलावर टेकवलं.  कबूल झालेलं होतं.

"ये गो," गुणाजी पुन्हा म्हणाला. "तुझो गुडघो दुखता ना? ये."

जन्मभर फटीतून पुढे सरकलेली ती बाई. आत्ता तर फट कसली, नवरा स्वतः हमरस्ता उघडून देत होता. वहिनीने माझ्या खांद्यावर हात ठेवला. तिची नखं शर्टातून माझ्या कातडीत रुतली. पण आवाज खणखणीत निघाला.

"मी नाय येवचंय! माझो नंबर इलो की उतरतलंय!"

"भागी..."

"मेल्या, सकाळी काय सांगितलंस? शेवटी उभी ऱ्हव म्हणालंस ना? मगे ऱ्हवलंय! आता कित्याक बोलवतंस?"

चंदू मोठ्याने हसला. पिस्तूल खाली आलं. "मास्तर, बायको तुझ्यापेक्षा कडक आहे रे!"

गुणाजीने एकदा दाराकडे बघितलं. मग रांगेतून बाहेर पडला, सीटांना धरत धरत मागे आला आणि बायकोच्या पाठीमागे उभा राहिला. रांग सोडली की शेवटी. नियम त्याचाच होता.

"पुढचा," चंदू ओरडला.

माझ्यापर्यंत काही तो नंबर आला नाही. माझ्या बऱ्याच पुढे चंदूने "बस" म्हटलं. उरलो ते मी, शांताबाई, जखमी ड्रायव्हर-कंडक्टर, ते बोटं गेलेले गृहस्थ, आणखी काही, आणि सर्वांत शेवटी घाडी नवरा-बायको.

डॉक्टर काही आला नाही, कारण त्याआधीच कान्हा बोलायचा थांबला. चंदूने त्याला हलवलं. थोबाडीत मारून बघितलं. "ऊठ. ए. ऊठ ना बे." कान्हाची मान काडी मोडलेल्या छत्रीसारखी लोंबली. चंदूने चॉपर त्याच्या हातातून काढून घेतला आणि सर्वांत जवळ बसलेल्या मारुतीच्या खांद्यात घातला. कारण नव्हतं काही. हाड लागल्याचा आवाज आला. मारुती बेशुद्ध पडला, ते त्याचं नशीब.

"आता जीप घेऊनच जाणार," चंदू म्हणाला, "आणि एक बाई घेऊन जाणार."

तो शांताबाईकडे वळला. शांताबाईने बोंबलाची पाटी त्याच्या अंगावर उलटी केली. त्याने तिच्या तोंडावर लाथ मारली, ती सीटखाली गेली. मग त्याने चॉपर कमरेला खोचला, मला बाजूला ढकललं, वहिनीचा अंबाडा मुठीत धरला आणि तिला ओढत दाराकडे न्यायला लागला. तिचा सुजलेला गुडघा सीटांच्या लोखंडावर आपटत होता आणि दर वेळी ती कळवळत होती.

मागून काळ्या कापडाची छत्री लांब झाली. मुठीचा आकडा चंदूच्या कॉलरमध्ये बसला.

"मागे!"

इतकी वर्षं माणसं ओढून त्या मनगटात काय ताकद आली होती! चंदू मानेपासून उलटा झाला, बोंबलांवर त्याचा पाय सरकला आणि तो पाठीवर कोसळला. पडता पडता त्याने गोळी झाडली. गुणाजीच्या खांद्याखालून काहीतरी लाल उडालं आणि खिडकीच्या काचेवर बसलं. दुसरी गोळी त्याच्या बरगडीत. गुणाजी खाली बसला, पण छत्री सोडली नाही, खेचतच राहिला. कॉलर चंदूच्या गळ्यात रुतली, डोळे बाहेर आले. तो कमरेचा चॉपर उपसून मागे फिरवत होता आणि पातं गुणाजीच्या हातावर, गालावर, छत्रीच्या काड्यांवर खणखण लागत होतं. मी चंदूच्या पिस्तुलाच्या हातावर बसलो. माझं वजन तेव्हाही भरपूर होतं; त्याचा असा उपयोग होईल असं बायकोलाही वाटलं नव्हतं. शांताबाई सीटखालून निघाली आणि रिकामी पाटी चंदूच्या तोंडावर दाबून तिच्यावर गुडघे टेकून बसली. वहिनी हातातला पेरू त्याच्या पोटऱ्यांवर हाणत होती. पेरू! पोलीस दारातून आत आले तेव्हा त्यांना आधी समजेना, यातला गुंड कोणता.

समोरच्याच रस्त्याला ते कामगारांचं इस्पितळ. जीपमध्ये घालून गुणाजीला नेलं. बाहेर ओपीडीची रांग, दारातून फाटकापर्यंत. रोजचीच. अंगाला पट्ट्या बांधलेले, खोकणारे, कडेवर पोरं घेतलेले कामगार. आम्ही स्ट्रेचर घेऊन आत शिरलो आणि त्या रक्तबंबाळ माणसाने डोळे उघडले. रांग बघितली.

"थांबवा," तो पुटपुटला. "भागी... लाईन आसा."

"आसा तर आसा!"

"शेवटी... शेवटी घ्या माका..."

वहिनीच्या हातात त्याची ती मोडलेली, काड्या निघालेली छत्री होती. तिने ती आडवी धरली, सुजलेला गुडघा विसरली, आणि त्या रांगेत अशी घुसली की टेंभी नाक्याच्या देवीनेही कौतुक केलं असतं. "बाजूक व्हा! बाजूक व्हा! माझो घोव हा तो!" एकाच्या पायावर पाय, दुसऱ्याच्या पाठीत छत्री.  खिडकीशी उभा असलेला पहिला माणूस, हाताला प्लास्टर, तो आपणहून भिंतीला चिकटला.

गुणाजी शेवटपर्यंत मान हलवत होता. ऑपरेशनच्या खोलीचं दार लागताना त्याचा आवाज आला, अगदी बारीक.

"पुढे कोण होता, त्याका विचार गो... त्याची हरकत आसा काय."

वहिनी छत्री टेकून दारात उभी होती. रांगेकडे वळली, डोळे पुसले, आणि दणदणीत आवाजात तिने विचारलं,

"कोणाची हरकत आसा?"

कुणाचीच नव्हती.